नार्नियाचे कथाकार : क्लाइव्ह स्टेपल्स लुईस

चित्रपट हा आजच्या मुलांचा आवडता विरंगुळा आहे, आणि त्यांतही अद्‌भुत कथांवरील चित्रपटांकडे त्यांचा ओढा अधिक. सन २००५, २००८ व २०१० या सालीं निघालेले ‘नार्निया’ मालेचे तीन इंग्रजी चित्रपट आमच्या बालवाचकांपैकीं पुष्कळांनीं पाहिले असतील. चार भावंडें कपड्यांच्या एका कपाटांत शिरतात आणि पलीकडे बर्फानें झांकलेल्या एका देशांत बाहेर पडतात. तेथें त्यांना बोलणारे प्राणी भेटतात. अस्लन नांवाचा महासिंह त्यांचा कैवार घेतो. आणि अखेर तीं मुलें त्या देशाचे राजे व राण्या होतात. असला चित्रपट पाहून आलेलें लहान मूल घरांतील कपाट उघडून मागची फळी चाचपून पाहतें, आणि त्याचा थोरला भाऊ, आपण आतां मोठे झालों या ऐटींत, त्याला हंसतो. आईबापांनाही प्रश्न पडतो. कोणास वाटतें कीं असल्या कल्पित कथांत मुलांचा वेळ फुकट जातो. कोणास भीति वाटते कीं जादू, चेटूक आणि बोलणारे सिंह यांच्या नादीं लागून मुलांचें मन देवावरील श्रद्धेपासून ढळेल.

या शंकांचें निरसन वादविवादानें करण्यापेक्षां, ज्या गृहस्थांनीं या कथा लिहिल्या त्यांचें चरित्रच वाचकांपुढें ठेवावें असें आम्हीं ठरविलें. बालपणींची श्रद्धा, तिचा लोप, आणि प्रौढपणीं तिचा पुन्हा लाभ, या तिन्ही अवस्थांतून ते स्वतः गेले होते. आणि त्यांच्या कथांत जें मोलाचें आहे तें त्यांना याच वाटेवर सांपडलेलें आहे.

क्लाइव्ह स्टेपल्स लुईस यांचा जन्म ता. २९ नोव्हेंबर १८९८ रोजीं आयर्लंडच्या उत्तर भागांतील बेल्फास्ट शहरीं झाला. वडील आल्बर्ट हे वकील. आई फ्लॉरा ही एका धर्मोपदेशकाची कन्या. ज्या काळीं मुलींनीं महाविद्यालयांत जाणें हेंच नवल होतें त्या काळीं तिनें गणित व तर्कशास्त्र या विषयांत पदवी मिळविली होती. फ्रेंच व लॅटिन भाषांचे पहिले धडे धाकट्या मुलाला तिनेंच दिले. थोरला मुलगा वॉरन हा धाकट्यापेक्षां तीन वर्षांनीं मोठा. चार वर्षांचा असतांना धाकट्यानें एके दिवशीं आपलें नांव ‘जॅक्सी’ आहे असें जाहीर केलें आणि दुसऱ्या कोणत्याही नांवाला ओ देण्याचें साफ नाकारलें. तेव्हांपासून घरच्या मंडळींत व मित्रांत तो जन्मभर ‘जॅक’ याच नांवानें ओळखला गेला.

१९०५ सालीं हें कुटुंब शहराच्या कडेला एका मोठ्या नव्या घरांत राहावयास गेलें. लांबच लांब बोळ, रिकाम्या खोल्या, माळे, आणि जिकडे पाहावें तिकडे पुस्तकें, असें तें घर होतें. वडील एकदां विकत घेतलेलें पुस्तक कधीं टाकून देत नसत, आणि मुलांनीं कोणतेंही पुस्तक उघडावें याला आडकाठी नव्हती. याच घरांत आजोबांनीं स्वतः घडविलेलें एक भलें मोठें कोरीव कपाट होतें; त्यांत बसून जॅक नात्यांतील मुलांना गोष्टी सांगत असे. तें कपाट आज अमेरिकेंतील व्हीटन कॉलेजांत जतन करून ठेवलेलें आहे.

आयर्लंडांत पाऊस फार, आणि त्या काळीं क्षयाचें भय मोठें. म्हणून पावसांत मुलांना बाहेर सोडीत नसत. दोघां भावांच्या हाताच्या अंगठ्यांना जन्मतःच एक सांधा कमी होता. त्यामुळें पुठ्ठा व कात्री घेऊन खेळणीं करणें जॅकला कधीं साधलें नाहीं. हातांतून कांहीं घडेना म्हणून तो कागदाकडे वळला. त्यानें एक देश कल्पिला. त्यांत कपडे घातलेले, बोलणारे प्राणी राहत. वॉरननें आपल्यासाठीं जो देश निवडला तो दुसरा तिसरा कोणता नसून आपला हिंदुस्थान होता! अर्थात् खऱ्या हिंदुस्थानाशीं त्याचें साम्य नांवापुरतेंच, कारण नकाशांत त्याला चोहों बाजूंनीं समुद्र दाखवून त्यांनीं त्याचें बेट करून टाकलें होतें. पुढें दोन्ही देश जोडून त्यांचें ‘बॉक्सेन’ नांवाचें एक राज्य झालें, आणि त्याचा इतिहास व राजकारण या मुलांनीं वह्यांवर वह्या भरून लिहिलें.

त्या दिवसांतील आणखी एक लहानशी गोष्ट सांगण्यासारखी आहे. वॉरननें एकदां बिस्किटांच्या डब्याच्या झांकणांत शेवाळ, डहाळ्या व फुलें मांडून एक इवलीशी बाग तयार केली व ती धाकट्या भावाला आणून दाखविली. नंतर एकदां तिची आठवण होऊन जॅकच्या मनांत एक विलक्षण हुरहूर उत्पन्न झाली. ती कशाची तें त्याला कळेना. बागेची नव्हे खास. पुढें एखादी जुनी कथा वाचतांना, दूरच्या टेंकड्यांकडे पाहतांना ती पुन्हा येई व क्षणांत नाहींशी होई. ही ओढ कोणाकडे आहे, याचा शोध पुढें पंचवीस वर्षें चालला.

या सुखी घरावर १९०८ सालीं घाला पडला. आईला कर्करोग झाला. घरांत डॉक्टरांची येजा सुरू झाली, शस्त्रक्रियाही घरींच झाली. नऊ वर्षांच्या जॅकला शिकविलें होतें कीं श्रद्धेनें केलेली प्रार्थना फळास येते. म्हणून त्यानें मनाचा निश्चय करून, आई बरी होणारच असें स्वतःला बजावून प्रार्थना केली. ता. २३ ऑगस्ट रोजीं, नेमक्या वडिलांच्या वाढदिवशीं, आई निवर्तली. तरी मुलानें आशा सोडली नाहीं; आतां कांहीं चमत्कार होईल व ती उठेल, अशी तो वाट पाहत राहिला. चमत्कार झाला नाहीं.

मोठेपणीं या प्रसंगाचा विचार करतांना लुईस यांनीं स्वतःची कोठेंही कींव केलेली नाहीं. त्यांनीं एवढेंच म्हटलें आहे कीं, त्या वेळीं आपण देवाकडे देव म्हणून गेलोंच नव्हतों. जादूगारानें यावें, सांगितलेलें काम करावें आणि निघून जावें, इतकीच आपली त्याच्याकडून अपेक्षा होती. हें कठोर वाटेल; परंतु आम्हांला वाटतें कीं लहानांनीं व थोरांनीं स्वतःच्या प्रार्थना या कसोटीवर एकदां घांसून पाहाव्या.

आईच्या मृत्यूनंतर थोड्याच आठवड्यांत मुलाला समुद्रापलीकडे इंग्लंडांतील एका वसतिगृहशाळेंत पाठविण्यांत आलें. तेथील मुख्याध्यापक क्रूर होते. छडीपलीकडे तेथें शिक्षण असें फारसें नव्हतें. १९१० सालीं ती शाळा बंद पडली व ते गृहस्थ पुढें वेडे ठरले. पत्नीच्या शोकानें खचलेल्या वडिलांना मुलांचे हाल कळले नाहींत, आणि मुलांनीं ते नीट सांगितलेही नाहींत. बापलेकांतील अंतर वाढत गेलें. त्याचें दुःख लुईस यांना जन्मभर राहिलें, आणि त्यांत आपलाही दोष होता हें त्यांनीं मोकळेपणें मान्य केलें आहे.

पुढच्या शाळेंत, तेराव्या वर्षाच्या सुमारास, जॅकची श्रद्धा गेली. ती एका दिवसांत गेली नाहीं. जगांत दुःख फार दिसे. जुन्या ग्रीक-रोमन धर्मकथा खोट्या आणि आपली तेवढी खरी असें शिक्षक सांगत, पण कां तें सांगत नसत. आणि सर्वांत मोठें कारण म्हणजे प्रार्थनेचें ओझें. रात्रीं प्रार्थना करतांना प्रत्येक शब्दाबरोबर मनांत खरी भावना उमटलीच पाहिजे, नाहीं तर ती प्रार्थना पुन्हा केली पाहिजे, असा नियम त्यानें स्वतःला घालून घेतला होता. रात्रीमागून रात्री तो असा स्वतःला छळीत राहिला. अखेर देव नाहींच असें म्हटल्यानें या जाचांतून सुटका होते असें त्याला दिसलें, आणि ती सुटका त्यानें आनंदानें पत्करली.

परंतु याहूनही खेदाची गोष्ट पुढेंच आहे. १९१४ सालीं वडिलांच्या इच्छेस मान देऊन तो घरच्या चर्चमध्यें दृढीकरणास उभा राहिला व प्रभुभोजनही त्यानें घेतलें. मनांत तिळमात्र विश्वास नव्हता. वडिलांना खरें सांगण्याचें धैर्य नव्हतें. आणि सांगितलें असतें तरी ते समजून घेतील अशी आशा नव्हती. आपल्या हातून घडलेल्या अत्यंत वाईट कृत्यांपैकीं तें एक, असें लुईस यांनीं पुढें मानलें. पालकांनीं या ठिकाणीं क्षणभर थांबावें अशी आमची विनंति आहे. मुलगा प्रार्थनेला उभा राहतो किंवा देवापुढें हात जोडतो, एवढ्यानें त्याच्या अंतःकरणाची खूण पटत नाहीं. आपल्या शंका तो आपल्या बापाजवळ बोलूं शकतो काय, हें पाहणें अधिक महत्त्वाचें.

त्याच वर्षीं जॅकला सरे परगण्यांतील ग्रेट बुकम या गांवीं विल्यम कर्कपॅट्रिक यांच्याकडे शिकावयास ठेवलें. हे वडिलांचे जुने गुरु. उंच, सडपातळ आणि पक्के नास्तिक. स्टेशनावरून घरीं चालत येतांना नवीन विद्यार्थ्यानें कांहीं तरी बोलावें म्हणून, हा प्रदेश आपल्याला वाटलें होतें त्यापेक्षां अधिक रानवट दिसतो, असें म्हटलें. गुरुजी तेथेंच उभे राहिले. रानवट म्हणजे नेमकें काय, आणि निराळें कांहीं वाटण्यास तुझ्याजवळ आधार कोणता होता, असे प्रश्न त्यांनीं सुरू केले. थोड्याच वेळांत मुलाला कळून चुकलें कीं या प्रदेशाविषयीं मत बाळगण्याचा आपल्याला कांहींच अधिकार नव्हता. दुसरा एखादा मुलगा रडकुंडीस आला असता. याला मात्र तें पक्वान्नासारखें वाटलें. थोड्याच दिवसांत मूळ ग्रीकमधून होमर वाचणें सुरू झालें. विचारपूर्वक बोलावें, आधाराशिवाय बोलूं नये, ही शिस्त त्याला एका नास्तिक गुरूनें लावली. आणि तीच शिस्त पुढें धर्माच्या सेवेस आली. गुरूचें ऋण मात्र लुईस कधीं विसरले नाहींत.

१९१६ सालीं एका संध्याकाळीं रेल्वे स्टेशनावरील पुस्तकांच्या दुकानांतून त्यानें जॉर्ज मॅकडॉनल्ड यांची ‘फँटॅस्टीस’ ही अद्‌भुत कादंबरी विकत घेतली. मॅकडॉनल्ड हे स्कॉटलंडचे एक धर्मोपदेशक होते. पुस्तक वाचतांना त्या तरुणाला एक नवीच गोष्ट जाणवली. इतर अद्‌भुत कथा वाचून आपलें रोजचें जग रुक्ष वाटूं लागे. ही कथा वाचल्यावर रोजचीं झाडें, रस्ते व भाकरीसुद्धां उजळून निघालीं. ती प्रभा पावित्र्याची आहे हें त्याला त्या वेळीं कळलें नाहीं. बुद्धि अद्याप नास्तिकच होती. परंतु कल्पनेनें एक दार उघडलें होतें.

ऑक्सफर्डची शिष्यवृत्ति मिळाली, पण पहिलें महायुद्ध चालू होतें. तो सैन्यांत दाखल झाला आणि बरोबर एकोणिसाव्या वाढदिवशीं, ता. २९ नोव्हेंबर १९१७ रोजीं, फ्रान्समधील आघाडीवर पोंचला. ता. १५ एप्रिल १९१८ रोजीं आपल्याच सैन्याचा एक तोफगोळा जवळ पडून तो जखमी झाला. इस्पितळांतून त्यानें वडिलांना भेटीस येण्याविषयीं कळवळून लिहिलें. ते आले नाहींत. पॅडी मूर नांवाचा त्याचा मित्र त्या युद्धांत पडला. दोघांपैकीं एक गेला तर दुसऱ्यानें त्याच्या घरच्यांना सांभाळावें असें त्यांचें ठरलें होतें. तें वचन जॅकनें अक्षरशः पाळलें. मित्राची आई १९५१ सालीं वारली तोंपर्यंत तीस वर्षांहून अधिक काळ त्यानें तिचा भार वाहिला. देव न मानणारा तरुणही दिलेला शब्द मानीत होता, हें ध्यानांत ठेवण्यासारखें आहे.

युद्धानंतर ऑक्सफर्डमध्यें त्यानें अभिजात भाषा, तत्त्वज्ञान व इंग्रजी वाङ्मय या तीन परीक्षांत पहिला वर्ग मिळविला. गणितांत कच्चे असलेल्या आमच्या विद्यार्थ्यांना धीर येईल म्हणून सांगतों कीं, गणिताच्या प्रवेशपरीक्षेंत हाच मुलगा नापास झाला होता. सैनिकांना त्या परीक्षेची माफी मिळाली म्हणूनच त्याचा मार्ग मोकळा झाला. गणिताच्या पदवीधर आईचा हा मुलगा! १९२५ सालीं मॅग्डलेन कॉलेजांत त्याची इंग्रजीचा अध्यापक म्हणून नेमणूक झाली. येथून पुढें आपण त्यांना लुईस म्हणूं.

या कॉलेजांतील वास्तव्यांत त्यांचा नास्तिकपणा हळूहळू ढासळला. ज्या ग्रंथकारांकडे मन ओढ घेई ते बहुतेक श्रद्धावान् निघत. ज्यांच्याशीं मतें जुळत ते ग्रंथकार मात्र नीरस वाटत. जे मित्र मिळाले तेही तसेच. त्यांत पुढें ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ लिहून जगप्रसिद्ध झालेले जे. आर. आर. टोल्किन हे प्रमुख. स्वतःच्या मनाकडे पाहतां त्यांत वासना, भय व गर्व यांचा बाजार भरलेला लुईस यांना दिसला, आणि अखेर खोलींत एकटे असतांना, मोठ्या नाखुषीनें, त्यांनीं गुडघे टेकून देव आहे हें कबूल केलें. तरी ते अजून ख्रिस्ती झाले नव्हते. ता. १९ सप्टेंबर १९३१ च्या रात्रीं टोल्किन व ह्यूगो डायसन या मित्रांबरोबर कॉलेजच्या झाडींतील वाटेवर ते फिरत होते. मरून पुन्हा उठणाऱ्या देवांच्या प्राचीन कथा लुईस यांचें हृदय हलवीत. मात्र त्या असत्य आहेत असें त्यांचें म्हणणें. टोल्किन यांनीं त्यांना पटवून दिलें कीं, ख्रिस्ताची कथाही तशीच हृदयाला भिडणारी आहे, फरक इतकाच कीं ती खरोखर घडली. पहाटेपर्यंत हें संभाषण चाललें. पुढें नऊ दिवसांनीं वॉरनच्या मोटारसायकलला जोडलेल्या बाजूच्या गाडींत बसून ते व्हिप्स्नेड येथील प्राणिसंग्रहालय पाहावयास गेले. निघतांना त्यांचा ख्रिस्तावर विश्वास नव्हता. पोंचले तेव्हां तो होता. कसलाही गाजावाजा झाला नाहीं.

या शोधांत त्यांचे एक विद्यार्थी बीड ग्रिफिथ्स हेही सहप्रवासी होते. ते पुढें ख्रिस्ती संन्यासी होऊन १९५५ सालीं हिंदुस्थानांत आले व तमिळनाडूंतील शांतिवन आश्रमांत त्यांनीं अखेरचा काळ घालविला. लुईस यांनीं त्याच वर्षीं प्रसिद्ध केलेलें आत्मचरित्र यांनाच अर्पण केलेलें आहे.

दुसऱ्या महायुद्धाच्या काळांत, १९४१ ते १९४४ पर्यंत, बी.बी.सी. वरून लुईस यांचीं साध्या भाषेंतील धर्मविषयक भाषणें झालीं व त्यांचें नांव घरोघर पोंचलें. पुस्तकांच्या उत्पन्नाचा मोठा भाग ते गुप्तपणें गरजूंना देत. येणाऱ्या पत्रांना, मुलांच्याही पत्रांना, ते नेमानें उत्तर पाठवीत.

आतां नार्नियाकडे वळूं. सोळा वर्षांचे असल्यापासून त्यांच्या मनांत एक चित्र होतें : बर्फाळ रानांतून छत्री व पुडकीं घेऊन चाललेला एक फॉन, म्हणजे रोमन पुराणांतील अर्धा मनुष्य व अर्धा बोकड असा वनदेव. १९३९ सालीं बाँबहल्ल्यांच्या भीतीनें लंडनचीं मुलें खेड्यापाड्यांत पाठविण्यांत आलीं, तेव्हां त्यांच्याही घरीं कांहीं शाळकरी मुली राहावयास आल्या. त्या सुमारास अशाच चार मुलांची एक गोष्ट त्यांनीं आरंभली व टाकून दिली. पुढें सुमारें दहा वर्षांनीं ती पुन्हा हातीं घेतली, आणि त्यांत तो सिंह आपण होऊन आला; त्यानें पुढची सारी कथा ओढून नेली. १९५० पासून १९५६ पर्यंत दरसाल एक याप्रमाणें सात पुस्तकें निघालीं. शेवटच्या पुस्तकास कार्नेगी पदक मिळालें. मित्र टोल्किन यांना मात्र हीं पुस्तकें रुचलीं नाहींत, हेंही सांगितलें पाहिजे.

पहिल्या पुस्तकांत एडमंड नांवाचा मुलगा मिठाईच्या लोभानें व भावंडांवरील रागानें चेटकिणीला जाऊन मिळतो. त्याच्या अपराधाबद्दल त्याचा जीव जावयाचा असतो. तो वांचावा म्हणून अस्लन स्वतः मरण पत्करतो व पुन्हा जिवंत होतो. तिसऱ्यांत यूस्टेस नांवाचा गर्विष्ठ मुलगा हांवेमुळें अजगर बनतो. आपली कातडी तो स्वतः सोलूं पाहतो, पण खालून पुन्हा तशीच निघते. अखेर सिंहाच्या नखांनीं ती खोलवर सोलली जाते तेव्हांच तो पुन्हा मुलगा होतो. ज्यानें स्वतःच्या मनांतील बाजार पाहिला होता त्यालाच हें लिहितां आलें.

दुसऱ्या पुस्तकांत धाकटी लूसी बऱ्याच काळानें अस्लनला भेटते. तो तिला पूर्वीपेक्षां मोठा दिसतो. त्याचें कारण असें कीं तो वाढलेला नसून ती वाढलेली आहे. ती जों जों मोठी होईल तों तों तो तिला अधिक मोठा दिसेल. आमच्या मतें साऱ्या मालेचें सार येथें आहे. आपली समजूत अशी कीं वय वाढलें म्हणजे लहानपणींचा देव लहान होत जातो, आणि शेवटीं बाहुल्यांबरोबर तोही माळ्यावर जातो. लुईस यांचा अनुभव याच्या उलट होता. नऊ वर्षांच्या मुलाचा देव खरोखरच लहान होता, इच्छा पुरविणाऱ्या जादूगाराएवढा. तो गेला हें बरेंच झालें. पुढें जो भेटला तो इतका मोठा होता कीं त्याच्यापुढें गुडघे टेकावे लागले.

सहावें पुस्तक १९५५ सालीं निघालें. त्यांत डिगरी नांवाचा मुलगा आहे, आणि त्याची आई मरणाच्या दारीं पडली आहे. अस्लन त्याला दूरच्या एका बागेंतून सफरचंद आणावयास पाठवितो. तेथें चेटकीण त्याला मोह घालते कीं, तें फळ सिंहाकडे न नेतां चोरून थेट आईकडे ने, म्हणजे ती बरी होईल. मुलगा रडतो, पण दिलेला शब्द मोडीत नाहीं. आई वांचण्याची आशा सोडून तो फळ अस्लनच्या हवालीं करतो. त्याच्या आईच्या दुःखानें अस्लनच्याही डोळ्यांत अश्रु आलेले त्यानें पाहिले होते. त्या फळाचें झाड होतें, आणि त्याच झाडाचें एक फळ अस्लन त्याला आईसाठीं देतो. ती तें खाते व बरी होते. फळाचें बीं अंगणांत रुजतें. पुढें तें झाड वादळांत पडतें व त्याच्या लांकडाचें एक कपाट करतात. पहिल्या पुस्तकांतील मुलें नार्नियांत जातात तें याच कपाटांतून.

फ्लॉरा लुईस जाऊन त्या वेळीं सत्तेचाळीस वर्षें झालीं होतीं. छप्पन्न वर्षांच्या पंडितानें त्या बेल्फास्टच्या मुलासाठीं काय लिहिलें तें वाचकांनीं पाहावें. कथेंतील मुलाची आई वांचली, पण जादूनें नव्हे. आणि ज्याच्याकडे आपण मागतों तो आपल्याइतकाच, किंबहुना अधिक, कळवळलेला असतो, हें त्या मुलाला दिसलें. खऱ्या जॅकला १९०८ सालीं तें दिसलें नव्हतें.

ही श्रद्धा पुन्हा एकदां कसोटीस लागावयाची होती. जॉय डेव्हिडमन या अमेरिकन लेखिकेशीं १९५६ सालीं त्यांचा नोंदणी पद्धतीनें विवाह झाला. लवकरच तिला हाडांचा कर्करोग असल्याचें उघडकीस आलें, आणि ता. २१ मार्च १९५७ रोजीं इस्पितळांत तिच्या बिछान्याशेजारीं धर्मविधीनें पुन्हा विवाह झाला. प्रार्थना झाली, आणि या वेळीं ती आश्चर्यकारक रीतीनें सुधारली. दोघें ग्रीस देशही पाहून आलीं. परंतु ता. १३ जुलै १९६० रोजीं ती वारली. लहानपणींचाच प्रसंग पुन्हा आला. घरांत दोन मुलगे, आणि त्यांची आई कर्करोगानें गेलेली. लुईस यांनीं आपला शोक, राग व देवाविषयींच्या शंका एका लहानशा पुस्तकांत टोपणनांवानें लिहून ठेवल्या. त्यांत त्यांनीं कांहींही झांकलेलें नाहीं. दृढीकरणाच्या वेळीं मनांतील अविश्वास लपविणारा मुलगा आतां देवालाही खरें तेंच सांगत होता. आणि म्हणूनच, आमच्या मतें, ही श्रद्धा मोडली नाहीं.

१९५४ सालीं केंब्रिज विद्यापीठांत त्यांना प्राध्यापकाचें पद मिळालें होतें. प्रकृति ढासळल्यामुळें १९६३ सालीं तें त्यांनीं सोडलें. ता. २२ नोव्हेंबर १९६३ रोजीं, पासष्टाव्या वाढदिवसास एक आठवडा उरला असतां, ऑक्सफर्डजवळील आपल्या घरीं त्यांचें देहावसान झालें. त्याच दिवशीं अमेरिकेचे अध्यक्ष केनेडी यांचा खून झाल्यामुळें ही वार्ता फारशी कोणाच्या ध्यानांत आली नाहीं. बरोबर पन्नास वर्षांनीं, २०१३ सालीं, वेस्टमिन्स्टर अ‍ॅबेमधील कवींच्या कोपऱ्यांत त्यांच्या स्मरणार्थ शिला बसविण्यांत आली.

चित्रपटांविषयीं थोडें सांगून आटोपतों. पहिले दोन अँड्र्यू अ‍ॅडमसन यांनीं व तिसरा मायकेल अ‍ॅप्टेड यांनीं दिग्दर्शित केला. त्यांच्या निर्मात्यांत लुईस यांचे सावत्र पुत्र डग्लस ग्रेशम हेही होते. पहिला चित्रपट लंडनवरील बाँबवर्षावानें सुरू होतो. पुस्तकांत याचा केवळ उल्लेख आहे. दुसऱ्यांत लढाया पुस्तकापेक्षां पुष्कळ अधिक आहेत. तरी मुख्य गोष्ट त्यांत टिकली आहे. दुसऱ्याच्या अखेरीस थोरल्या पीटर व सूझन यांना, आणि तिसऱ्याच्या अखेरीस एडमंड व लूसी यांना, आतां तुम्ही मोठीं झालां, पुन्हा येथें येणें नाहीं, असें सांगण्यांत येतें. लूसीला रडूं येतें. नार्नियासाठीं नव्हे, अस्लन पुन्हा भेटणार नाहीं म्हणून. तेव्हां तिला कळतें कीं तो तिच्याही जगांत आहे, तेथें त्याचें नांव निराळें आहे, आणि येथें त्याची थोडी ओळख व्हावी व पुढें तेथें ती वाढावी यासाठींच तिला नार्नियांत आणलें होतें. चित्रपट पाहिलेल्या मुलांनीं पुस्तकेंही वाचावीं. त्यांत पुष्कळ अधिक आहे.

शेवटच्या पुस्तकांत सूझन मात्र दिसत नाहीं. मोठें होण्याच्या घाईंत, नटण्यामुरडण्याच्या व मेजवान्यांच्या नादांत, नार्निया हा आपला लहानपणींचा खेळ होता असें ती म्हणूं लागलेली असते. पुष्कळ बालवाचकांना याचें वाईट वाटलें. एका मुलाला लुईस यांनीं कळविलें कीं, सूझनला अजून पुष्कळ आयुष्य आहे व तीही आपल्या वाटेनें कदाचित् तेथें पोंचेल. स्वतः सूझनसारखे भटकून आलेल्या माणसानें हें लिहिलें आहे, म्हणून त्याला मोल आहे. पहिलें पुस्तक आपल्या धर्मकन्येला अर्पण करतांना त्यांनीं असाच आशय मांडला होता कीं, पुस्तक तयार होईपर्यंत तिचें परीकथांचें वय सरलें; पण एक दिवस ती पुन्हा परीकथा वाचण्याइतकी मोठी होईल.

तेव्हां धाकटा भाऊ कपाटाची फळी चाचपतो म्हणून त्याला हंसणाऱ्या आमच्या मित्रांना इतकेंच सांगणें आहे कीं, अजून थोडे मोठे व्हा. आणि आमच्या विद्यार्थ्यांपैकीं ज्या कोणी जॅकसारखी प्रार्थना केली असेल, आणि जॅकसारखेंच ज्याचें माणूस तरीही गेलें असेल, त्यानें हें चरित्र जपून ठेवावें. शंका आली तर ती लपवूं नये. आईबापांशीं, गुरुजनांशीं, देवाशीं ती बोलून दाखवावी. जॅकला उत्तर मिळावयास तेवीस वर्षें लागलीं. परंतु तें मिळालें, आणि त्याच्या एकट्यापुरतें तें राहिलें नाहीं.